जवळून दिसणारे युद्ध : सेबॅस्टियन युंगर यांचे माहितीपट आणि लेखन

पाठाची उद्दिष्टे

या पाठाच्या अभ्यासानंतर विद्यार्थ्यांना पुढील गोष्टी करता याव्यात, अशी अपेक्षा आहे :
१. सेबॅस्टियन युंगर यांच्या माहितीपटांचा आणि पुस्तकांचा परस्परसंबंध स्पष्ट करणे.
२. 'रेस्ट्रेपो' या माहितीपटाची रचना, त्यातील निवड आणि वगळणूक यांचे विश्लेषण करणे.
३. युद्धविषयक माहितीपटाने घेतलेली 'आम्ही राजकीय भूमिका घेत नाही' ही भूमिका चिकित्सकपणे तपासणे.

१. प्रस्तावना

युद्धावरचे माहितीपट ढोबळमानाने दोन जागांवरून केले जातात. पहिली जागा नकाशासमोरची. जेरेमी आयझॅक्स यांनी निर्माण केलेली 'द वर्ल्ड ॲट वॉर' (१९७३-७४) ही २६ भागांची ब्रिटिश मालिका या प्रकारचा आदर्श मानली जाते. लॉरेन्स ऑलिव्हिए यांचे निवेदन, जुन्या चित्रफिती, सेनानींपासून सामान्य नागरिकांपर्यंत अनेकांच्या मुलाखती यांतून तेथे संपूर्ण महायुद्धाचा पट उलगडतो. युद्ध संपून पाव शतक उलटल्यावर, अंतरावरून केलेले हे काम आहे.

दुसरी जागा खंदकातली. तेथून नकाशा दिसत नाही. समोरचा डोंगर, शेजारचा माणूस आणि गोळी कोठून आली याचा अंदाज एवढेच दिसते. अमेरिकी लेखक व माहितीपटनिर्माते सेबॅस्टियन युंगर यांनी ही दुसरी जागा निवडली. नुसती निवडली असे नाही, तर तिला एका पद्धतीचे रूप दिले. त्यांच्या कामाबद्दल विचारायचा मुख्य प्रश्न असा : युद्धाच्या इतके जवळ गेल्याने काय दिसते आणि जवळ गेल्यामुळेच काय दिसेनासे होते? युंगर यांच्या सर्व कामाकडे आपण या एकाच प्रश्नाच्या आधारे पाहणार आहोत.

२. जडणघडण : धोक्याच्या कामाचा अभ्यासक

युंगर यांचा जन्म १९६२ साली मॅसॅच्युसेट्स राज्यातील बेलमाँट येथे झाला. वेस्लियन विद्यापीठातून १९८४ मध्ये त्यांनी सांस्कृतिक मानवशास्त्राची पदवी घेतली. पुढची काही वर्षे ते मुक्त पत्रकारिता करत होते आणि पोटासाठी उंच झाडांवर चढून फांद्या तोडण्याचे काम करत होते. या कामात यांत्रिक करवतीने त्यांच्या पायाला जखम झाली. जिवावर बेतणारे काम रोजची नोकरी म्हणून करणारी माणसे कशी जगतात, हा विषय त्यांना तेथून मिळाला. १९९३ मध्ये ते वेढ्यात सापडलेल्या साराजेव्होला गेले आणि युद्धवार्तांकनाची सुरुवात झाली.

त्यांचे पहिले गाजलेले पुस्तक मात्र युद्धावर नाही. 'द परफेक्ट स्टॉर्म' (१९९७) हे पुस्तक १९९१ च्या उत्तर अटलांटिकमधील वादळात सहा जणांसह नाहीशा झालेल्या 'अँड्रिया गेल' या मासेमारी नौकेविषयी आहे. नौकेवरचा एकही माणूस परतला नाही, मग शेवटच्या तासांविषयी लिहायचे कसे? युंगर यांनी संवाद कल्पनेने रचले नाहीत. रेडिओवरील संभाषणाच्या नोंदी, तशाच प्रसंगातून वाचलेल्यांचे अनुभव, लाटांचे भौतिकशास्त्र आणि बुडताना शरीरात होणारे बदल यांच्या आधारे त्यांनी 'काय घडले असावे' याची मांडणी केली. जेथे माहिती संपते तेथे ती संपली असे सांगण्याची ही शिस्त पुढे त्यांच्या युद्धलेखनातही टिकली.

अफगाणिस्तानशी त्यांचा संबंध अमेरिकी सैन्याच्या आधीचा आहे. २००० साली ते उत्तर अफगाणिस्तानात तालिबानविरोधी सेनानी अहमद शाह मसूद यांच्यासोबत होते. ९ सप्टेंबर २००१ रोजी, म्हणजे न्यूयॉर्कवरील हल्ल्याच्या दोनच दिवस आधी, मसूद यांची हत्या झाली. हा तपशील लक्षात ठेवावा. ज्या देशातील लोकांविषयी युंगर यांना आधीपासून आस्था होती, त्याच देशात पुढे त्यांनी कॅमेरा रोखला तो अमेरिकी जवानांवर.

मानवशास्त्राचा विद्यार्थी एखाद्या छोट्या समूहात राहून त्याच्या रीती, भाषा आणि नाती नोंदवतो. युंगर यांनी सैन्याच्या पलटणीकडे असेच पाहिले. त्यांच्या कामाचे बळ आणि मर्यादा या दोन्हींचे मूळ या दृष्टीत आहे.

३. कोरेंगल खोऱ्यातील वर्ष

पूर्व अफगाणिस्तानातील कुनार प्रांतात कोरेंगल नावाचे सुमारे दहा किलोमीटर लांबीचे अरुंद खोरे आहे. २००७ च्या मे महिन्यात अमेरिकेच्या १७३ व्या एअरबोर्न ब्रिगेडमधील 'बॅटल कंपनी' तेथे दाखल झाली. तिच्या दुसऱ्या पलटणीसोबत युंगर आणि ब्रिटिश छायाचित्रकार टिम हेदरिंग्टन यांनी पुढील वर्षभरात अनेक फेऱ्या केल्या. कधी दोघे एकत्र असत, कधी एकटे. सुरुवात 'व्हॅनिटी फेअर' मासिकासाठीच्या वार्तांकनाने झाली, पण दोघांनीही सुरुवातीपासून व्हिडिओ चित्रण केले.

तैनातीच्या सुरुवातीलाच पलटणीचा मेडिक हुआन रेस्ट्रेपो मारला गेला. जवानांनी एका उंच कड्यावर रातोरात खणून नवी चौकी उभारली आणि तिला त्याचे नाव दिले. तेथे वाहते पाणी नव्हते आणि दिवसातून अनेकदा गोळीबार होई. ऑक्टोबर २००७ मधील 'रॉक ॲव्हलांच' या मोहिमेत हेदरिंग्टन यांच्या पायाचे हाड मोडले, तरी ते रात्रभर डोंगर उतरून आले. युंगर बसलेली हमवी गाडी पेरलेल्या स्फोटकावर गेली आणि त्या वेळी त्यांचा कॅमेरा चालूच होता.

या सामग्रीतून तीन गोष्टी घडल्या : 'रेस्ट्रेपो' हा माहितीपट (२०१०), युंगर यांचे 'वॉर' हे पुस्तक (२०१०) आणि उरलेल्या चित्रणातून युंगर यांनी एकट्याने दिग्दर्शित केलेला 'कोरेंगल' हा माहितीपट (२०१४). 'रेस्ट्रेपो'ला सनडान्स महोत्सवात अमेरिकी माहितीपटांसाठीचा परीक्षकांचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि ऑस्करसाठी नामांकनही मिळाले. एकाच अनुभवाची तीन रूपे उपलब्ध असल्यामुळे कोणत्या माध्यमाने काय सांगितले आणि काय गाळले हे ताडून पाहण्याची संधी येथे मिळते. ती अभ्यासकाला क्वचितच मिळते.

४. 'रेस्ट्रेपो' : रचना आणि निवड

'रेस्ट्रेपो'ला निवेदक नाही. सेनानी, मुत्सद्दी किंवा तज्ज्ञ यांची एकही मुलाखत नाही. युद्ध का सुरू झाले आणि या खोऱ्याचे सामरिक महत्त्व काय, याचे स्पष्टीकरण नाही. आरंभी रेस्ट्रेपो आणि त्याचे मित्र तैनातीपूर्वी इटलीत रेल्वेतून जाताना स्वतःच केलेले चित्रण दिसते. थट्टामस्करी चाललेली असते. त्यानंतर प्रेक्षक एकदम खोऱ्यात येऊन पडतो. पाहताना गोंधळ उडतो, आणि तो दिग्दर्शकांना हवाच आहे.

चित्रपटात दोन प्रकारचे चित्रण आलटून पालटून येते. एक, खोऱ्यातले हलते, धुळीने माखलेले प्रत्यक्ष चित्रण. दुसरे, तैनाती संपल्यावर इटलीतील तळावर घेतलेल्या मुलाखती. या मुलाखतींत पार्श्वभूमी काळी आहे आणि चेहरा पडदाभर आहे. माणूस बोलायचा थांबतो, तेव्हा संकलकही कापत नाही. एक जवान हसत हसत सांगतो की स्वप्ने पडण्यापेक्षा झोप न आलेली बरी. ते हसू आणि ते वाक्य यांत जो विसंवाद आहे, तो कोणत्याही निवेदनाने अधिक स्पष्ट झाला नसता. दुसरा एक जवान सांगतो की लहानपणी आईवडिलांनी त्याला खेळण्यातली बंदूकसुद्धा घेऊ दिली नव्हती. सैनिक म्हणजे एक साचा, ही आपली समजूत अशा तपशिलांनी मोडते.

चित्रपटाचा मध्यबिंदू 'रॉक ॲव्हलांच' मोहीम हा आहे. अनुभवी सार्जंट लॅरी राऊगल मारला जातो आणि ती बातमी कळताच एक जवान कोसळून रडू लागतो. युद्धपटांच्या सवयीमुळे आपण अशा वेळी संगीताची वाट पाहतो. ते येत नाही. सोबत्याचा अवघडलेला हात त्याच्या खांद्यावर येतो आणि थोड्या वेळाने पुढचे काम सुरू होते. 'रेस्ट्रेपो'ची कलात्मक ताकद या संयमात आहे.

५. 'वॉर' : चित्रपट जे सांगत नाही ते

'वॉर' पुस्तकाचे तीन भाग आहेत : भय, हत्या आणि प्रेम. चित्रपटात नसलेली स्पष्टीकरणे येथे येतात. भीतीच्या क्षणी शरीरात काय घडते, पलटणीतला माणूस सोबत्यासाठी जीव का धोक्यात घालतो, दुसऱ्या महायुद्धानंतरच्या मानसशास्त्रीय अभ्यासांनी काय दाखवले, असे विषय प्रसंगांच्या मध्ये गुंफले आहेत.

समीक्षेच्या दृष्टीने दोन गोष्टी विशेष महत्त्वाच्या आहेत. पहिली, युंगर स्वतःच्या स्थानाविषयी स्पष्ट बोलतात. ज्यांच्याविषयी लिहायचे त्यांच्याच भरवशावर जेवण, निवारा आणि जीव असताना पूर्ण वस्तुनिष्ठता शक्य नाही हे ते मान्य करतात. पण प्रामाणिक राहणे शक्य आहे, असा त्यांचा दावा आहे. त्यासाठी ते आपली आठवण चित्रफितीशी पडताळून पाहतात. स्फोट झाला त्या वेळी आपण काय केले हे कॅमेऱ्यात टिपले गेलेले असते, त्यामुळे नंतर स्वतःला शूर ठरवायला वाव राहत नाही.

दुसरी गोष्ट अधिक अवघड आहे. एक जखमी शत्रू पाय तुटलेल्या अवस्थेत डोंगरउतारावर सरपटत आहे अशी बातमी रेडिओवर येते, त्याची हालचाल थांबते आणि चौकीवर आनंदाचा गलका होतो. युंगर यांना तो गलका खटकतो. ते विषय सोडून देत नाहीत, जवानाकडून उत्तर मिळवतात. उत्तराचा आशय असा, की आनंद त्या माणसाच्या मरणाचा नव्हता, तो आता आपल्यापैकी कोणाला मारू शकणार नाही याचा होता. हे उत्तर समजण्यासारखे आहे. पण त्याने प्रश्न मिटत नाही हेही युंगर यांच्या लेखनातून जाणवते. त्यांच्या मते पलटणीतील प्रेम आणि पलटणीने केलेली हत्या या वेगळ्या गोष्टी नाहीत, एकीतून दुसरी निघते. 'वॉर'मधील हा सर्वांत धाडसी विचार आहे. चित्रपट पाहून आपण जवानांच्या जवळ जातो. त्या जवळिकीची किंमत कोण मोजते, हे पुस्तक विचारते.

म्हणून 'रेस्ट्रेपो' आणि 'वॉर' या दोन कृती एकत्र वाचाव्यात. एकटा चित्रपट सहानुभूतीवर थांबतो, तर एकट्या पुस्तकात चेहऱ्यांचा तो मूक पुरावा मिळत नाही.

६. 'राजकारण नाही' या भूमिकेची तपासणी

दोन्ही दिग्दर्शकांनी आपला चित्रपट राजकीय नसल्याचे सांगितले. जवानांना जे दिसते तेवढेच दाखवायचे, युद्ध बरोबर की चूक हे प्रेक्षकाने ठरवायचे, अशी त्यांची मांडणी होती. ही भूमिका प्रामाणिक आहे, पण पुरेशी नाही. याची कारणे खुद्द चित्रपटातच सापडतात.

गायीचा प्रसंग पाहा. खोऱ्यातील एक गाय चौकीच्या काटेरी तारांत अडकते आणि जवान तिला मारतात. गावातील वृद्ध भरपाई मागायला येतात. त्यांना रोख पैसे हवे असतात. सैन्य पैसे नाकारते आणि गायीच्या वजनाइतके तांदूळ, डाळी-कडधान्ये, साखर देऊ करते. वृद्ध उठून जातात. जवानांच्या बाजूने हा प्रसंग किंचित विनोदी वाटतो. शेतकऱ्याच्या बाजूने पाहिले, तर गाय म्हणजे एकदाच खायचे मांस नव्हे. दूध, वासरे, शेण आणि अडीअडचणीला विकता येणारी ठेव असे सर्व काही ती असते. तिची किंमत वजनात मोजणारा माणूस त्या गावाला ओळखत नाही, हे आपल्याकडच्या कोणत्याही खेड्यातल्या प्रेक्षकाला क्षणात कळेल. खोऱ्यातील संपूर्ण मोहिमेच्या अपयशाचे बीज या एका प्रसंगात दिसते. दिग्दर्शकांनी तो प्रसंग ठेवला हे त्यांच्या प्रामाणिकपणाचे लक्षण आहे. पण कॅमेरा त्या वृद्धांच्या मागे घरापर्यंत जात नाही.

हीच गोष्ट हवाई हल्ल्यानंतरच्या दृश्यांची. गावातील जखमी माणसे आणि मुले दिसतात, पण त्यांची नावे कळत नाहीत आणि काळ्या पार्श्वभूमीसमोर बसून त्यांना कोणी काही विचारत नाही. चित्रपटाच्या अखेरीस पडद्यावर येणाऱ्या मजकुरात सैन्य खोऱ्यातून माघारी गेल्याचे आणि तेथे मरण पावलेल्या सुमारे ५० अमेरिकी सैनिकांचे सांगितले जाते. खोऱ्यातील मृतांची मोजणी तेथे नाही. एप्रिल २०१० मध्ये अमेरिकेने हे खोरे सोडले. लोक तेथेच राहिले. कोणाचे मृत्यू मोजायचे हा निर्णय राजकीयच असतो, मग निवेदक असो वा नसो.

तुलनेसाठी त्याच वर्षीचा यानुस मेट्झ यांचा 'आर्माडिलो' हा डॅनिश माहितीपट पाहावा. तोही जवानांसोबत राहून, हेल्मंड प्रांतातील एका तळावर चित्रित केला आहे. मात्र एका चकमकीनंतर जखमी शत्रूंना कसे मारले गेले आणि त्याविषयी जवान कसे बोलले, हे त्यात आल्यामुळे डेन्मार्कमध्ये मोठा वाद झाला आणि लष्करी चौकशीही झाली. चौकशीत जवान दोषी ठरले नाहीत, पण समाजाला आपल्या सैन्याविषयी बोलावे लागले. दुसऱ्या टोकाला आनंद पटवर्धन यांचा 'जंग और अमन' (२००२) आहे. १९९८ च्या अणुचाचण्यांनंतरच्या काळावरील या माहितीपटात दिग्दर्शक स्वतः निवेदन करतो, भूमिका घेतो आणि पोखरणजवळच्या गावकऱ्यांपासून पाकिस्तान व जपानपर्यंत जातो. तेथे जवळीक कमी, पण वावर मोठा आहे. या तुलनेतून युंगर यांची जागा नेमकी ठरते : त्यांनी खोली मिळवली ती वर्तुळ लहान ठेवून.

युंगर यांच्या बाजूने एवढे म्हणावे लागेल की ही मर्यादा त्यांनी लपवलेली नाही. जवानांनाही गावकरी दिसत नव्हते, भाषा कळत नव्हती. चित्रपट त्या आंधळेपणाची हुबेहूब नोंद आहे. प्रश्न इतकाच की आंधळेपणाची नोंद करणे आणि त्यात सहभागी होणे यांतली सीमा प्रेक्षकाला नेहमी दिसते का. मला वाटते, 'रेस्ट्रेपो'त ती अनेकदा पुसट होते.

७. हेदरिंग्टन यांच्या मृत्यूनंतर

२० एप्रिल २०११ रोजी लिबियातील मिस्राता येथे तोफमाऱ्यात टिम हेदरिंग्टन आणि छायाचित्रकार ख्रिस हॉन्ड्रोस मारले गेले. हेदरिंग्टन यांचा मृत्यू जखमेतील रक्तस्रावाने झाला. वेळीच प्रथमोपचार मिळाले असते तर ते वाचू शकले असते, हे युंगर यांना कळले. त्यांनी स्वतः आघाडीवर जाणे थांबवले आणि मुक्त युद्धपत्रकारांना जीवरक्षक प्रथमोपचार शिकवणारी संस्था सुरू केली. मित्रावरचा 'विच वे इज द फ्रंट लाइन फ्रॉम हिअर?' (२०१३) हा माहितीपटही त्यांनी केला.

यानंतर त्यांच्या कामाचा विषय बदलला. युद्ध मागे पडले आणि युद्धाहून परतणे पुढे आले. 'कोरेंगल'मध्ये तेच चेहरे पुन्हा दिसतात, पण प्रश्न वेगळे आहेत. एक जवान सांगतो की 'तुला जे करावे लागले ते तू केलेस' हे वाक्य त्याला सहन होत नाही, कारण त्यातले काहीही त्याला करावेच लागले नव्हते. नैतिक जबाबदारी स्वतःकडे ठेवणारे हे बोलणे 'रेस्ट्रेपो'च्या सहानुभूतीपुढचे पाऊल आहे. 'द लास्ट पेट्रोल' (२०१४) मध्ये युंगर, दोन माजी सैनिक आणि एक युद्धछायाचित्रकार रेल्वेरुळांच्या कडेने शेकडो मैल चालत जातात आणि परतण्याविषयी बोलतात.

'ट्राइब' (२०१६) हे छोटे पुस्तक या टप्प्याचा निष्कर्ष मांडते. सैनिकाला घरी आल्यावर होणारा त्रास केवळ रणांगणातील आघाताचा नसतो, एकसंध समूहातून एकाकी समाजात येण्याचाही असतो, असे त्यांचे म्हणणे आहे. मूळ निरीक्षण मौल्यवान आहे. मात्र येथे युंगर यांची शिस्त सैल होते. पंधरा-वीस पुरुषांच्या चौकीवरून आणि अमेरिकेतील आदिवासी समाजांच्या काहीशा रम्य चित्रावरून ते आधुनिक समाजाविषयी निष्कर्ष काढतात. समूहाची ऊब सांगताना त्याचा जाच, त्यातील स्त्रियांचे स्थान, बाहेर ठेवलेली माणसे हे सारे मागे पडते. जातीच्या समाजात वाढलेल्या वाचकाला हा प्रश्न पडल्याशिवाय राहणार नाही : समूह जितका घट्ट, तितके त्याचे दार बंद नसते का?

याच्या उलट दिशेचे काम म्हणजे निक क्वेस्टेड यांच्यासोबतचा 'हेल ऑन अर्थ' (२०१७) हा सीरियावरील माहितीपट. त्यात देशाबाहेर पडू पाहणाऱ्या एका सीरियन कुटुंबाने स्वतः केलेले चित्रण आहे. कोरेंगलमध्ये जे वृद्ध चौकीतून उठून चौकटीबाहेर गेले, त्यांच्यासारखी माणसे येथे चौकटीच्या मध्यभागी आहेत, कारण कॅमेरा त्यांच्याच हातात आहे. युंगर यांच्या पद्धतीतील उणिवेला त्यांच्याच कामातून मिळालेले हे उत्तर आहे.

८. समारोप

युंगर यांनी सैनिकाला पुतळा केले नाही आणि खलनायकही केले नाही. माहिती संपते तेथे थांबणे, आठवणीपेक्षा पुराव्यावर विश्वास ठेवणे, आपण कोणावर अवलंबून आहोत हे वाचकाला सांगणे, हे त्यांच्या कामातून शिकण्यासारखे आहे. त्याचबरोबर जवळीक म्हणजे संपूर्ण सत्य नव्हे, हेही त्यांचेच काम शिकवते. कॅमेरा एका माणसाच्या खांद्याला खांदा लावून उभा राहिला, की त्याची पाठ कोणाकडे तरी होतेच. युद्धाच्या माहितीपटाची समीक्षा करताना चौकटीत कोण आहे याबरोबर ती पाठ कोणाकडे आहे हेही विचारावे.

स्वाध्याय

१. 'रेस्ट्रेपो'मध्ये निवेदक नसल्यामुळे प्रेक्षकाच्या अनुभवात काय फरक पडतो? दोन प्रसंगांच्या आधारे लिहा.
२. गायीचा प्रसंग गावातील वृद्धांच्या दृष्टीने चित्रित करायचा झाल्यास कॅमेरा कोठे ठेवाल, कोणाची मुलाखत घ्याल आणि काय गाळाल? सकारण सांगा.
३. 'वस्तुनिष्ठता शक्य नाही, पण प्रामाणिकपणा शक्य आहे' या युंगर यांच्या भूमिकेशी तुम्ही कितपत सहमत आहात?
४. 'रेस्ट्रेपो' आणि 'जंग और अमन' यांतील दिग्दर्शकाच्या स्थानाची तुलना करा.